पडणाऱ्या माणसाची कवळी

नवीन पेशंट खुर्चीत बसला की "तोंड उघडा" म्हणायच्या आधी मी त्याला एक प्रश्न विचारते. कुठला दात कधी गेला आणि कशाने गेला? पुण्याला शिकत असताना आमच्या बाईंनी लावलेली ही सवय. बहुतेक लोक वैतागतात. "गेला तो गेला डॉक्टर, आता त्याचं काय," म्हणतात. मी सोडत नाही. दात कशाने गेला ते कळलं की उरलेले कशाने जाणार हेही कळतं, आणि माणूस खरं किती बोलतो याचाही अंदाज येतो. मस्कतमध्ये अझैब्याला माझा दवाखाना आहे, त्याला बावीस वर्षं झाली. ओमानी, मल्याळी, फिलिपिनो, आपले पुण्या-मुंबईचे, सगळ्यांच्या अशा याद्या मी लिहून घेतल्या आहेत. त्यांतली एक मला तोंडपाठ आहे. ती एका चिनी नटाची.

नाव लिहायचं नाही, म्हणून त्यांना आजोबाच म्हणते. दवाखान्यातही मी तसंच म्हणत होते.

थंडीचे दिवस होते. म्हणजे इथली थंडी, गाडीतला एसी बंद करता येतो इतपत. सहमच्या किनाऱ्यावर एका चिनी सिनेमाचं शूटिंग चालू होतं, हे मला पेपरात वाचून माहीत होतं. सकाळी दवाखाना उघडायला गेले तर त्यांची गाडी दारातच उभी. आजोबा अठ्ठ्याहत्तर वर्षांचे, काटक, ताठ. बरोबर एक दुभाषी बाई, चाळिशीच्या, मस्कतमध्ये बरीच वर्षं राहिलेल्या, इंग्रजी अगदी स्वच्छ. आजोबांनी खिशातून रुमाल काढला, उलगडला आणि दोन्ही हातांनी माझ्यापुढे धरला. आत त्यांची वरची कवळी होती, मधोमध दोन तुकडे झालेली.

झालं होतं असं की गावातल्या एका वयस्कर ओमानी गृहस्थांनी शूटिंगच्या लोकांना कॉफी आणि खजूर दिले. मान राखायचा म्हणून आजोबांनी त्यांच्याकडे बघत बघतच खजूर तोंडात टाकला आणि बी चावली. कवळी उभी चिरली. पुढच्या दोन दातांच्या मागे, टाळूच्या बाजूला, मसुराएवढा एक तुकडा सापडत नव्हता. तो कुठे आहे विचारलं तर आजोबांनी पोटावर हात ठेवला.

"ते म्हणतायत, असले तुकडे गिळायची त्यांना सवय आहे," दुभाषी बाई म्हणाल्या.

मी कागद घेतला आणि माझा नेहमीचा प्रश्न विचारला. आजोबा वैतागले नाहीत. उलट खुर्चीत सरसावून बसले, जणू इतक्या वर्षांत हे कुणीतरी विचारायला हवं होतं.

वरचे पुढचे दोन? पंचविसाव्या वर्षी. नायकाची काठी चुकून खरीच लागली. एक दात बाहेर पडला, दुसऱ्याचा अर्धा तुकडा तोंडातच राहिला. कॅमेरा चालू होता, थुंकलं असतं तर सगळं पुन्हा करायला लागलं असतं, म्हणून गिळला आणि ठरल्याप्रमाणे मरून पडले. उजवा सुळा? छपरावरून पडताना. खाली रिकामी खोकी रचलेली असतात, त्यांतलं एक रिकामं नव्हतं. त्याच्या शेजारचा? तो घोड्याने घेतला. ते सांगताना आजोबा हसले आणि घोडा चांगला होता, त्याची काही चूक नव्हती, असं त्यांनी मुद्दाम सांगायला लावलं.

अशी ती यादी. नवव्या वर्षी घरच्यांनी त्यांना कसरतीच्या एका फिरत्या मंडळीत ठेवलं, कारण तिथे दोन वेळ जेवण होतं. मोठे झाले तेव्हा सिनेमावाल्यांना पडणारी माणसं हवी होती. पंधरा वर्षं ते पडत राहिले. चेहरा निबर झाल्यावर खलनायकाचा उजवा हात झाले आणि मध्यंतराच्या आत मरायला लागले. केस पांढरे झाल्यावर नायकाचे गुरू झाले, तेही मध्यंतराच्या आतच मरत. आता म्हातारपणी टीव्हीवर कुणाचे तरी आजोबा होतात आणि आजारी पडून मरतात. बढती मिळत गेली, मरण काही चुकलं नाही.

"आणि या चार दाढा?" मी विचारलं. दोन्ही बाजूंच्या, वरच्या, एकाच वेळी काढलेल्या असाव्यात असं हिरडीवरून दिसत होतं.

त्या चांगल्या होत्या. एका सिनेमात त्यांना उपाशी कैद्याचं काम मिळालं. दिग्दर्शकाला गाल आत गेलेले हवे होते. आजोबांना वाटलं, एवढं मोठं काम पुन्हा मिळायचं नाही. गेले आणि चारही दाढा काढून आले. दोन दिवस शूटिंग झालं. मग सिनेमा लांबला म्हणून तो प्रसंगच कापून टाकला.

मी पेन खाली ठेवलं. चांगल्या दाढा उपटणारा तो डॉक्टर माझ्यासमोर असता तर मी त्याचे दोन काढले असते. तसं बोललेसुद्धा. दुभाषी बाईंनी ते सांगितल्यावर आजोबा म्हणाले, त्याला रागावू नका, त्याला सिनेमाची फार आवड होती, मी त्याला दोन तिकिटं दिली होती.

"आणि बाकीचे दात?"

"बाकीचे सगळ्यांचे जातात तसेच गेले."

कवळीच्या पेशंटला विचारायचा शेवटचा प्रश्न ठरलेला असतो: बोलताना काही त्रास? तो विचारला आणि आजोबा इतके हसले की त्यांना पाणी द्यावं लागलं. मग त्यांनी हसण्याचं कारण सांगितलं. एवढ्या वर्षांत, एवढ्या सिनेमांत, त्यांचा आवाज एकदाही कुणी ऐकलेला नव्हता. तोंड ते हलवायचे, आवाज नंतर दुसऱ्या कुणाचा तरी घालायचे. त्यांच्या गावाकडची बोली मोठ्या शहरांत समजत नाही, आणि प्रमाण भाषा बोलले तरी गावाकडचा हेल लपत नाही. म्हणून शुद्ध बोलणारा कुणीतरी त्यांच्या जागी बोलायचा. दर वेळी तो एकच असेल असंही नाही. एकदा त्यांच्या बायकोने सिनेमा पाहिला आणि घरी येऊन म्हणाली, तुमच्या आत बसलेला तो माणूस फार छान बोलतो हो.

बायको आता नव्हती. हे सांगताना ते हसले नाहीत.

सहमला चाललेला सिनेमा त्यांचा शेवटचा होता. ते एका जहाजावरच्या सुताराचं काम करत होते. जहाज फुटतं, हा एकटा ओमानच्या किनाऱ्याला लागतो, इथेच म्हातारा होतो. शेवटी तो कोळ्यांसमोर बसून आपलं जहाज फळी फळी करून सांगतो, कुठली फळी कुणाच्या अंगणातल्या झाडाची ते. कोळ्यांना त्यातलं अक्षर कळत नाही. चार मिनिटांचं बोलणं, आजोबांच्या स्वतःच्या गावच्या बोलीत. दिग्दर्शिका वयाने लहान होती, पण तिने शब्द दिला होता की यावर दुसरा आवाज चढवायचा नाही. ते शूटिंग पाच दिवसांवर आलं होतं. चणे मिळाले तेव्हा दात गेले, ती म्हण मी शंभर वेळा वापरली असेन, पण त्या दिवशी ती मनात आली आणि मला माझीच लाज वाटली.

"पाच दिवसांत देते," मी म्हटलं. "इन्शाल्ला वगैरे नाही. देते."

माझ्या कवळ्या मत्रहला होतात. बंदराच्या मागच्या गल्लीत, भांड्यांच्या दुकानावरच्या एका खोलीत, रत्नागिरीकडचे एक गृहस्थ हे काम करतात. सगळे त्यांना भाई म्हणतात, मीही. वय साठीला टेकलेलं, बोटांच्या कडांना प्लास्टर कायमचं बसलेलं. वीस वर्षांत आमची भांडणं खूप झाली, पण मी दुसरीकडे काम दिलं नाही आणि त्यांनी माझं काम कधी उशिरा दिलं नाही. मी तुकडे आणि आजोबांच्या जबड्याचा साचा घेऊन गेले, आणि बोलता बोलता पेशंट कोण ते सांगितलं. फोनवर फोटो दाखवला.

भाईंनी चष्मा वर केला, खाली केला. मग हातातलं काम बाजूला ठेवलं.

"डॉक्टरबाई, ह्यो पडणारा हाय."

"म्हणजे?"

त्यांच्या गावात तरुणपणी एका पडवीत ताडपत्री लावून व्हिडिओवर मारामारीचे चिनी सिनेमे दाखवायचे. नायक कोण याच्याशी यांना देणंघेणं नव्हतं. हा एक माणूस दर सिनेमात असायचा आणि दर सिनेमात पडायचा. पोरांनी त्याचं नाव पाडलं होतं, पडणारा. तो दिसला की पैज लागायची, आज छपरावरून की जिन्यावरून. "बाकीचे धप्पकन पडायचे. ह्यो पडायचा ना, तर समजायचं की माणूस मेला," भाई म्हणाले. मत्रहला आल्यावरही सुरुवातीच्या वर्षांत, खोलीत बारा माणसं होती तेव्हा, ते भाड्याने कॅसेट आणून त्याला पाहायचे. कैद्याच्या त्या कापलेल्या प्रसंगाबद्दल मी सांगितलं तेव्हा त्यांनी मान खाली घातली.

मग आमचं भांडण झालं. भाईंचं म्हणणं, जुनी कवळी जोडून द्या. माझं म्हणणं, नवी करायची. जुनी कवळी झिजून सपाट झालेली, दात चहाने आणि सिगारेटने पिवळे पडलेले, बसायला ढिली. ती घालून माणूस दहा वर्षांनी म्हातारा दिसायचा.

"पन्नास वर्षं मार खाल्लाय त्यांनी भाई. आता शेवटी एकदा तरी नीट दिसू देत."

"नीट दिसायला नाय आला तो तुमच्याकडं," भाई म्हणाले. "बोलायला आलाय."

मी ऐकलं नाही. मला ते काम करायचं होतं, माझ्या हातून, उत्तम. हेही कबूल करते की सिनेमात माझे दात दिसणार याचा मला मोह पडला होता. दातांची रंगपट्टी काढून मी पांढऱ्याकडचा रंग ठरवला, पुढचे दात सरळ ओळीत घ्यायला सांगितले, आणि बसलेले गाल भरून यावेत म्हणून दातांची उंची थोडी वाढवली. जुने तुकडे टाकून द्या म्हटलं. भाईंनी वाद घातला नाही, आणि मला वाटलं त्यांना पटलं.

मेणातले दात तोंडात बसवून पाहायच्या दिवशी भाई दवाखान्यात आले. ते कधी येत नाहीत. त्या दिवशी इस्त्रीचा शर्ट घालून आले, रंग बघायचा आहे असं सांगून. आजोबांच्या समोर उभे राहिले आणि त्यांना इंग्रजी येईना, चिनी तर नाहीच, म्हणून हाताने दाखवायला लागले. एक हात छप्पर झाला, दुसरा त्यावरून घसरला, कलंडला, उलटा झाला आणि खाली पडला. मग घोडा. मग जिना. आजोबा बघत राहिले. खुर्चीतून उठले, गळ्यातल्या रुमालासकट, आणि भाईंना वाकून नमस्कार केला. साठ वर्षांचा तो माणूस लाजून माझ्या कपाटामागे जाऊन उभा राहिला.

त्यानंतर मी माझी चाचणी घेतली. नव्या दातांनी बोलणं जमतंय का ते बघायला पेशंटकडून साठ ते सत्तर आकडे इंग्रजीत म्हणवून घ्यायचे, शिकवलं तसंच. त्यात स खूप येतो. आजोबांनी माझ्यामागून आकडे म्हटले. उच्चार जाड येत होते, दात एकमेकांवर टकटकत होते. मी म्हटलं, त्यांना इंग्रजीची सवय नाही, हेल असणारच. झालं. पन्नास वर्षं ज्यांचा हेल खटकतो म्हणून तोंड बंद ठेवलं, त्यांना मीही तेच कारण लावलं आणि पुढे गेले. त्यांच्या भाषेत दोन वाक्यं बोला, एवढं म्हणायचं मला सुचलं नाही.

चौथ्या दिवशी कवळी दिली. आजोबांनी आरशात पाहिलं. बराच वेळ पाहिलं. गाल भरले होते, ओठ वर आले होते, दात ओळीत होते. दुभाषी बाई म्हणाल्या, दहा वर्षांनी तरुण दिसतायत. आजोबांनी दोन्ही हात जोडले, तीन वेळा आभार मानले आणि गेले. ते गहिवरले असं मी समजले. घरी जाऊन चहा करून घेतला आणि स्वतःवर खूश होऊन बसले.

पाचव्या दिवशी सकाळी दुभाषी बाईंचा फोन आला. त्या तक्रार करत नव्हत्या, आणि तेच वाईट होतं. आजोबांना बोलता येत नव्हतं. काल दुपारी तालीम झाली, शब्द सगळे पाठ, पण तोंडात भाकरीचा तुकडा धरून बोलावं तसं येत होतं. आज पहाटेपासून ते होड्यांच्या मागे एकटेच वाळूत बसून म्हणून बघत होते. कुणाला काही म्हणाले नव्हते. डॉक्टरांना सांगू नका, त्यांनी मेहनत केली आहे, एवढंच म्हणाले होते.

"निर्माते चांगले आहेत," बाई म्हणाल्या. "त्यांनी धीर दिला त्यांना. म्हणाले, काळजी करू नका, नुसते ओठ हलवा. आवाज नंतर घालू."

मी फोन ठेवला आणि पेशंटच्या खुर्चीतच बसले. दोष द्यायला दुसरं कुणी नव्हतं. आपलेच दात आणि आपलेच ओठ.

सगळ्या अपॉइंटमेंट रद्द करून मी मत्रहला गेले. नवी कवळी दोन तासांत घासून कमी करता आली असती का? आली असती, पण माणसाची जीभ नव्या कवळीला शिकायला महिना घेते. जुन्या कवळीत त्यांची जीभ पंधरा वर्षं राहिली होती. आणि ती मी टाकायला सांगितली होती. जिना चढून गेले आणि भाईंना काय विचारावं ते मला समजेना.

विचारावं लागलं नाही. त्यांनी माझं तोंड बघितलं आणि फळीवरचा डबा काढला. आत धुतलेल्या फडक्यात आजोबांची जुनी कवळी होती, जोडलेली. गुलाबी सांधा नीट घासून गुळगुळीत केलेला. तो मसुराएवढा गेलेला तुकडाही त्यांनी अंदाजाने भरला होता.

"तुम्ही टाका म्हणालात. मी नाय टाकली," ते म्हणाले. "म्हटलं, आपल्याकडं ऱ्हाईल."

कवळी घासायचं हातातलं छोटं यंत्र, थोडं साहित्य आणि आरसा पिशवीत टाकून आम्ही निघालो. सहमला जायला दोन तास. वाटेतलं बरका गाव मागे पडेपर्यंत मी भाईंना सीटबेल्टवरून एकदा आणि खिडकीवरून एकदा बोलले. ते समोरचा रस्ता बघत होते. शेवटी मीच म्हटलं, "मी चुकले भाई."

"व्हय," भाई म्हणाले.

"नाही हो, तुम्ही तरी काय करणार," असं काहीतरी म्हणतील अशी माझी अपेक्षा होती. ते पुढे काही बोलले नाहीत आणि मला ते बरं वाटलं.

किनाऱ्यावर अर्धं लाकडी जहाज उभं केलेलं होतं, मागून नुसते बांबू. गावातलेच कोळी कोळ्यांच्या कामाला घेतले होते. त्यांचा मुकादम "यल्ला, यल्ला" करत सगळ्यांना जागेवर बसवत होता, कारण ऊन कलायला लागलं होतं आणि तो प्रसंग मावळतीआधीच्या उजेडात घ्यायचा होता. आजोबा एका प्लास्टिकच्या खुर्चीत अंगाभोवती चादर घेऊन बसले होते. मला पाहून उठायला लागले. मी त्यांना खांद्याला धरून बसवलं, तोंडातली कवळी काढून घेतली आणि जुनी दिली. त्यांनी ती ओळखली. दोन्ही बाजूंनी बघितली, सांध्यावरून अंगठा फिरवला आणि भाईंकडे पाहिलं.

एका जागी टोचत होती ती घासून दिली. मग मी दुभाषी बाईंना सांगितलं, "त्यांना म्हणावं, बोला. तुमच्या गावच्या बोलीत. काहीही बोला."

ते बोलले. पाच दिवसांच्या ओळखीत मी पहिल्यांदा त्यांना सलग बोलताना ऐकलं. खोल आवाज, जरा घोगरा, वाक्याच्या शेवटी वर चढणारा. माझी मुलगी इथेच वाढली, इंडियन स्कूलमध्ये शिकली. ती मराठी बोलते तेव्हा दुसऱ्याची कवळी घालून बोलल्यासारखी बोलते, आणि ते ऐकून मी गप्प राहायला शिकले आहे. आजोबांचं बोलणं ऐकताना मला कळलं की स्वतःच्या तोंडातली भाषा कशी वाजते. अर्थ एका शब्दाचा कळला नाही.

फक्त एक झालं. स आला की शीळ वाजत होती. बारीक, पण स्पष्ट. भाईंनी अंदाजाने भरलेल्या तुकड्यापाशी एक खाच राहिली होती, दोन दातांच्या मागे, हवा तिथून निसटत होती.

"वीस मिनिटं द्या," मी म्हटलं. "भरून देते."

मुकादमाने सूर्याकडे बोट केलं. वीस मिनिटांत उजेड गेला असता आणि जहाजाचा तो सेट दुसऱ्या दिवशी मोडायचा होता. मी तरी पिशवी उघडली. आजोबांनी माझं मनगट धरलं. सेटवरच्या ओमानी ड्रायव्हरांकडून ते एक अरबी शब्द शिकले होते, पुरे झालं या अर्थाचा.

"खलास," ते म्हणाले आणि चादर काढून निघाले.

मी आणि भाई कॅमेऱ्याच्या मागे वाळूत बसलो. आजोबा कोळ्यांच्या समोर बसले आणि एका फुटक्या फळीवर हात ठेवून बोलायला लागले. कोळ्यांना नुसतं ऐकायचं नाटक करायला सांगितलेलं होतं. थोड्या वेळाने ते नाटक करत नव्हते. एकाने पुढे होऊन त्या फळीवर आपलाही हात ठेवला, ते कुणी सांगितलेलं नव्हतं. आजोबांच्या प्रत्येक वाक्यात कुठेतरी ती शीळ येत होती आणि दर वेळी मी मांडीवरची पिशवी घट्ट धरत होते. चार मिनिटं संपली. आजोबा तसेच बसून राहिले.

"आज पडला नाय," भाई हळूच म्हणाले.

निघताना आजोबांनी माझी नवी कवळी रुमालात गुंडाळून दोन्ही हातांनी परत दिली. दुभाषी बाईंनी सांगितलं, "ते म्हणतायत, दात फार चांगले आहेत. त्यांच्या तोंडापेक्षा चांगले." ती अजून माझ्या टेबलाच्या खणात आहे. नवे विद्यार्थी कधी शिकायला आले की मी ती दाखवते आणि ही चूक आहे असं सांगते.

दोन महिन्यांनी बाईंचा मेसेज आला. पैसे लावणाऱ्या लोकांनी शेवटचा प्रसंग पाहिला होता. बोली कुणाला कळत नाही, आणि वर ती शीळ. तांत्रिक दोष वाटतो, आवाज बदलून घ्या, असं त्यांचं म्हणणं. दिग्दर्शिका भांडते आहे, पण तिचं कितपत चालेल सांगता येत नाही. मी वेड्यासारखं एक काम केलं. दवाखान्याच्या लेटरहेडवर लिहून पाठवलं की सदर शीळ ही पेशंटच्या बोलण्यातला दोष नसून कवळीच्या दुरुस्तीतली आहे आणि तिची जबाबदारी माझी आहे. पाठवल्यावर लक्षात आलं, मी त्यांच्या हातात कारणच दिलं. तांत्रिक दोष आहे, डॉक्टर स्वतः लिहून देतात. त्या रात्री आणि पुढच्या कितीतरी रात्री मला झोप लागली नाही. माझ्या हट्टापायी एका माणसाचा आयुष्यातला एकुलता एक आवाज जाणार होता. भाईंना मी त्या पत्राबद्दल कधी सांगितलं नाही.

मग काही कळेना. मी विचारायचं टाळलं.

पुढचा उन्हाळा येऊन गेला. एके दिवशी दुपारी बाईंचा लांब मेसेज आला. आजोबा गेले. झोपेतच. घरच्यांनी ती जोडलेली कवळी त्यांच्या तोंडात राहू दिली. सिनेमा त्यांच्या गावात, शाळेच्या पटांगणात दाखवला, त्याआधी पंधरा दिवस ते गेले होते. खाली सिनेमा बघण्यासाठी एक दुवा दिला होता. आवाजाबद्दल एक अक्षर नव्हतं.

मी एकटीने उघडला नाही. मत्रहला गेले. भाई नमाज पढून आले, त्यांनी हात धुतले, टेबलावरचे साचे बाजूला केले आणि त्यांच्या जुन्या कॉम्प्युटरवर सिनेमा लावला. आजोबा गेल्याचं मी जिन्यातच सांगितलं होतं. त्यांनी तिथेच दुआ म्हटली होती.

सिनेमाभर सुतार फारसा बोलतच नाही. एकदोन शब्द, तेही लाटांच्या आवाजात. कुणाचा आवाज ते काही समजेना. भाई छपरं आणि जिने बघत होते, सवयीने. मी फक्त ओठ बघत होते. शेवटी तो किनारा आला, फळी आली, समोर कोळी बसले. कॅमेऱ्याच्या मागे आम्ही कुठे बसलो होतो ते मला आठवलं.

आजोबांनी तोंड उघडलं. पहिलं वाक्य. आवाज खोल होता, घोगरा होता, पण तसा आवाज दुसऱ्या कुणाचाही असू शकतो. असे लोक असतातच, तेच त्यांचं काम. मी टेबलाची कड धरली. दुसरं वाक्य सुरू झालं आणि मधेच, दोन दातांच्या मागून, बारीक शीळ आली.

ती दुसऱ्या कुणाला वाजवता आली नसती. ती खाच त्या एकाच तोंडात होती.

मला रडू आवरलं नाही. भाईंनी चष्मा काढून शर्टाला पुसला, पुन्हा घातला आणि पुन्हा काढला. चाळीस वर्षं त्यांनी त्या माणसाला मरताना पाहिलं होतं.

"बोलला," ते म्हणाले.

मग त्यांनी तो प्रसंग मागे नेऊन पुन्हा पहिल्यापासून लावला, आणि आवाज मोठा केला.